पाकातले काप

रताळ्याच्या गोड कापांची कृती चार ओळींत मावते. लालसर सालीची, हाताला टणक लागणारी रताळी धुऊन सोलावीत आणि अर्ध्या बोटाच्या जाडीच्या चकत्या कराव्यात. पसरट कढईत साजूक तुपावर त्या एका थरात मांडाव्यात, वर ताटली झाकावी आणि ताटलीत पाणी ओतावे. चकत्या मऊ झाल्या की चिरलेला गूळ, चिमूटभर मीठ, वेलदोड्याची पूड. गूळ विरघळून आधी पातळ होतो, मग बुडबुडे जड होत जातात आणि चकत्यांच्या अंगावर चकाकी चढते. पाककृतींच्या पुस्तकांत हा पदार्थ बहुधा उपवासाच्या प्रकरणात शेवटी असतो, साबुदाण्याच्या आणि वरईच्या लांबलचक दिमाखानंतर. त्याला कोणी मोठे मानत नाही. मला मात्र तो फार विचार करायला लावणारा पदार्थ वाटतो.

कृतीतला क्रम हीच त्यातली खरी विद्या. गूळ आधी घालायचा नाही. डाळीत गूळ लवकर पडला तर डाळ शिजता शिजत नाही, हे ज्ञान घराघरात असते. त्यामागचे कारण असे की साखरेमुळे वनस्पतीच्या पेशींच्या भिंती सैल व्हायला वेळ लागतो आणि गुळातले कॅल्शियम त्या भिंतींतल्या पेक्टिनला आणखी घट्ट बांधून ठेवते. मऊ होण्याआधी गोडात पडलेले रताळे चिवट राहते, मग कितीही वेळ आच द्या. ताटलीतल्या पाण्याचेही असेच. त्या थंड पाण्यामुळे आतली वाफ झाकणाच्या पोटाशी निवते आणि थेंबाथेंबाने परत कढईत पडते. बाहेरचे पाणी न घालता कंद स्वतःच्याच ओलाव्यात शिजतो. फ्रेंच स्वयंपाकी गाजरे अशीच चकाकत्या रूपात वाढतात तेव्हा झाकण म्हणून कागदाची गोल चकती कापतात, मधोमध भोक पाडतात आणि ती थेट गाजरांवर टेकवतात. खाली थोडे पाणी, लोणी, मीठ आणि किंचित साखर. तिथे साखर पहिल्यापासून असते, पण इतकी थोडी की ती आड येत नाही. गाजर मऊ व्हायला आणि पाणी आटायला एकच घटका लागली पाहिजे, सगळे कौशल्य तेवढ्यात आहे. पाणी आधी संपले तर खाली लागते, उरले तर चकाकी येत नाही. एकमेकांचे नावही न ऐकलेल्या दोन स्वयंपाकघरांनी पाण्याला नेमक्या वेळी निरोप देण्याची ही युक्ती आपापली शोधली आहे.

चकाकी म्हणजे तरी काय? साखरेचा दाट, गुळगुळीत पातळ थर. साधारण एकतारी पाकाच्या आसपास, १०५ ते ११० अंश सेल्सियसला, तो कंदाला धरून राहील इतका जड होतो; त्याच्या सपाट पृष्ठभागावरून उजेड सरळ परततो आणि पदार्थ चमकतो. चवीत फार मोठी भर पडते असे नाही. भर पडते ती मानात. जमिनीखालून ओरबाडून काढलेली, मातीने माखलेली, बाजारात पोत्यावर ढिगाने पडलेली वस्तू पंक्तीत बसण्याजोगी होते. जगभरच्या सणांच्या जेवणात ही खटपट दिसते. धान्याला, मांसाला, फळाला असे सजवावे लागत नाही. त्यांचा मान आधीपासून ठरलेला असतो. मुळांना मात्र दर सणाला तो नव्याने मिळवावा लागतो.

ही खटपट जुनी आहे. रोमन लेखक प्लिनी पहिल्या शतकात एका मुळाविषयी लिहितो, ज्याला तो ‘सिसर’ म्हणतो. अभ्यासक ते स्किरेट नावाचे, गाजराच्या कुळातले मूळ मानतात. सम्राट टायबेरियसला ते इतके आवडे की दरवर्षी ते ऱ्हाइन नदीकाठच्या गेल्डुबा या ठाण्याहून मागवले जाई. मुळाच्या आत एक कडवट शीर असते, शिजवल्यावर ती ओढून काढावी लागते, तरी बराच कडवटपणा उरतो. मधमिश्रित मद्यात तो मुरला की तोच रुचकर होतो, असे प्लिनीने नोंदवले आहे. साम्राज्याच्या थंड टोकावरून राजधानीत मूळ येते आणि त्यावर मध चढतो. थंडीचा उल्लेख इथे बिनकामाचा नाही. गाजर, पार्सनिप यांसारखी मुळे गोठणाऱ्या थंडीत स्वतःतल्या स्टार्चची साखर करतात. पेशींतले पाणी गोठू नये म्हणून केलेली ही तजवीज. युरोपात नाताळच्या ताटात ही मुळे गोड लागतात ती त्यामुळे. गोडवा हा त्यांच्या हिवाळ्याच्या तयारीचा भाग असतो, आपण तो मधल्या मध्ये उचलतो.

मुळाला गोडवा लागतो कशाला, याचे उत्तर वनस्पतिशास्त्र अगदी रुक्ष शब्दांत देते. गाजर किंवा बीट पहिल्या वर्षी पाने काढते आणि जमा झालेले सगळे खाली ठेवते. दुसऱ्या वर्षी त्या साठ्यावर फुलोरा येतो, बी धरते. आपण पहिल्या वर्षाच्या शेवटी उपटतो, म्हणजे फुलोऱ्यासाठी राखलेले खातो. रताळ्याचेही मूळ असेच फुगून कोठार बनते. बटाटा या बाबतीत उपरा आहे, ते मूळ नसून खोड. पण कोठाराचे काम तोही तितक्याच इमानाने करतो. म्हणून सणाच्या दिवशी कंदावर पाक चढतो, तेव्हा ताटात एकूण दोन साठवणी आलेल्या असतात: एक कंदाची स्वतःची, दुसरी पाकातल्या साखरेची. दुसरीचा हिशेब पहिलीपेक्षा गुंतागुंतीचा आहे.

डेन्मार्कमध्ये २४ डिसेंबरच्या रात्री भाजलेल्या बदकाबरोबर किंवा डुकराच्या मांसाबरोबर, लाल कोबीच्या शेजारी, ‘ब्रूनेड कार्टोफलर’ वाढतात. लहान बटाटे आधी उकडून सोलून गार करतात. मग कोरड्या पॅनमध्ये साखर वितळवतात, ढवळत नाहीत. ती सोनेरी-तपकिरी झाली की लोणी, आणि त्यात बटाटे. थंड बटाटा पडला की साखर एकदम आकसून तिचे खडे होतात, नवखा घाबरतो. पॅन हलवत राहिले की ती पुन्हा पातळ होते आणि हळूहळू प्रत्येक बटाट्याला तपकिरी काचेसारखे कवच येते. गंमत अशी की त्याच टेबलावर साधे उकडलेले पांढरे बटाटेही असतात. एकच वस्तू रोजच्या वेषात आणि सणाच्या वेषात शेजारी शेजारी, आणि कोणालाही ते विचित्र वाटत नाही.

त्या तपकिरी काचेत डेन्मार्कचा इतिहास विरघळलेला आहे. वेस्ट इंडीजमधले सेंट क्रॉय हे बेट डेन्मार्कने १७३३ साली फ्रेंचांकडून विकत घेतले आणि आफ्रिकेतून आणलेल्या गुलामांकडून तिथे ऊस पिकवला. त्याची कच्ची साखर कोपनहेगनच्या कारखान्यांत शुद्ध होई. बेटांवरची गुलामी १८४८ साली संपली. बेटे पुढे १९१७ साली अमेरिकेला विकली गेली. दरम्यान साखरेचा उगमच बदलला होता. १७४७ साली बर्लिनचे रसायनशास्त्रज्ञ आंद्रेआस मार्गग्राफ यांनी काही मुळांतून साखर काढून दाखवली आणि ती उसाच्या साखरेहून वेगळी नाही हे सिद्ध केले. त्या मुळांत बीट होते आणि स्किरेटही होते, टायबेरियसचे लाडके. त्यांचे शिष्य फ्रान्झ आखार्ड यांनी एकोणिसाव्या शतकाच्या अगदी आरंभी सायलेशियात बीट-साखरेचा पहिला कारखाना काढला, नेपोलियनने त्या उद्योगाला बळ दिले, आणि डेन्मार्कमध्ये १८७२ साली साखर कारखान्यांची मोठी कंपनी उभी राहिल्यावर लोलान, फाल्स्टर या बेटांवर बिटाची शेते पसरली. आज डॅनिश घरात बटाट्यावर जी साखर चढते ती बहुतेक वेळा बिटाची असते. म्हणजे एका भूमिगत कोठारातून काढलेली साखर दुसऱ्या भूमिगत कोठारावर ओतली जाते. स्वतःच्या शेतातली मुळे आणि स्वतःच्या शेतातली साखर, असा हा आता घरचा मामला झाला आहे. पूर्वी तो तसा नव्हता.

आपल्याकडे नेमके उलट घडले. ऊस आणि गूळ इथले, फार जुने. चरक-सुश्रुतांच्या काळी गुळाच्या प्रतवारीवर चर्चा व्हावी इतके जुने. आणि रताळे परदेशी. त्याचा जन्म अमेरिका खंडातला. कोलंबसाच्या सफरींनंतर ते स्पेनला पोचले आणि आपल्याकडे त्याचा प्रसार झाला तो पोर्तुगिजांच्या काळात. (त्याच्याही आधी ते पॉलिनेशियात पोचले होते, कूक बेटांपैकी मंगाइया बेटावर हजार वर्षांपूर्वीचे जळके अवशेष सापडले आहेत. कोण कोणाकडे होडी घेऊन गेले, यावर विद्वानांचे वाद चालू असतात.) इथे आल्यावर रताळ्याने जे केले ते थक्क करणारे आहे. सुश्रुतसंहितेत कंदांचा एक स्वतंत्र वर्ग आहे, त्यात विदारीकंदापासून तऱ्हेतऱ्हेच्या आलूंपर्यंत मोठी यादी आहे. कोकणात कोनफळ, कणगर, करांदे हे त्यातल्याच गोतावळ्यातले अजून रानात आणि परसात मिळतात. इतके घरचे उमेदवार हजर असताना हा पाहुणा थेट देवघराच्या उंबऱ्याशी जाऊन बसला. आषाढी, कार्तिकी, महाशिवरात्र: रताळ्यावाचून उपवास नाही. त्याच्या मागोमाग शेंगदाणा, बटाटा, मिरची, साबुदाण्याचा कंद हे सगळे अमेरिकेचेच गाववाले पंक्तीत आले. हळद मात्र बाहेर. शुद्धाशुद्धीच्या नियमांत इतका मिश्कीलपणा मला दुसरीकडे दिसलेला नाही.

एकादशीला पाप धान्यात जाऊन बसते अशी पुराणकथा आहे. म्हणून धान्य वर्ज्य. या एका नियमाने ताटाची घडीच मोडते. एरवी भात मध्यभागी, डावीकडे चटणी-कोशिंबीर, उजवीकडे भाजी-आमटी, सगळ्यांच्या जागा ठरलेल्या. भात उठून गेल्यावर कडेचे सगळे मध्यभागी येतात. डॅनिश बटाटे कितीही चकाकले तरी बदकाच्या बाजूलाच राहणार. इथे गोड कापांच्या शेजारी बसायला बदकही नाही आणि भातही नाही, ते स्वतःच जेवण असतात. ‘एकादशी अन् दुप्पट खाशी’ असे म्हणून आपण स्वतःलाच हसतो, आणि हसावेच. पण तुपात परतलेल्या, गुळाने माखलेल्या रताळ्याला तपश्चर्या म्हणणे ही केवळ लबाडी आहे असे मला वाटत नाही. कंदमुळे हा वनवासाचा आहार, राम-सीतेचा, ऋषींचा. सण त्या आहाराची आठवण ठेवतो आणि वर गूळ घालतो. वनवासाचे स्मरण वनवासात राहून करायचे नसते, एवढा शहाणपणा गृहस्थाला शोभून दिसतो.

ज्या दिवशी ही सूट मिळत नाही तो दिवसही पंचांगात आहे. गणेश चतुर्थीच्या दुसऱ्या दिवशी, भाद्रपद शुद्ध पंचमीला, ऋषीची भाजी होते. बैलाच्या श्रमाचे काहीही त्या दिवशी खायचे नाही. नांगरलेल्या शेतातले धान्य नको. परसातले, कुंपणावरचे, हाताने लावून हाताने खणलेले चालते. सुरण, अळकुड्या, अळू, माठाचे देठ, भोपळा, पडवळ, मक्याची कणसे, कुठे रताळी, सगळे एकत्र शिजते, जवळजवळ मसाल्याविना. आणि हा नियम काटेकोर लावला तर गूळही बाद ठरतो, कारण ऊस नांगरलेल्या शेतात वाढतो आणि बैलांच्याच पायांनी तो घाण्यात पिळला जात असे. कंदावरची चकाकी उतरते ती इथे. गोड हवे असेल तर आधी विचारायचे, हे कोणाच्या खांद्यावरून आले? वर्षातून एक दिवस का होईना, हा प्रश्न थेट स्वयंपाकघरात विचारला जातो, तोही कोणताही ग्रंथ न उघडता.

त्याच तिथीला कोल्हापूर-सांगलीकडच्या मराठी दिगंबर जैन घरांत दशलक्षण पर्वाला आरंभ होतो. तिथे कंदमूळ मुळीच नको. एका कंदात अनंत जीव वास करतात अशी धारणा. शिवाय खणताना मातीतले जीव मरतात, आणि मूळ उपटले की अख्खे झाड जाते. एका घरात बैलाला त्रास नको म्हणून आवर्जून कंद शिजतो, शेजारच्या घरात त्या कंदालाच त्रास नको म्हणून तो उंबरठ्याच्या आत येत नाही. दोन्हीकडे कारण एकच, अहिंसा. या दोघांपैकी कोणाचे बरोबर याचा निवाडा करण्याची माझी तयारी नाही. पण दुसऱ्याच्या साठवणीवर आपण हात टाकतो आहोत याचे भान मला जैन घरात अधिक निखळ दिसते, आणि तरीही अळकुड्यांची भाजी मी सोडलेली नाही.

आता अमेरिकेकडे यायला हवे, कारण रताळे तिथले आणि त्याच्या पाकाचा सर्वांत मोठा सणही तिथला. नोव्हेंबरच्या चौथ्या गुरुवारी थँक्सगिव्हिंगच्या टर्कीशेजारी पाकवलेली रताळी असतात. बॉस्टनच्या फॅनी फार्मर यांच्या १८९६ सालच्या प्रसिद्ध पाकपुस्तकात त्याची कृती आहे आणि ती विलक्षण संयमी आहे: रताळी दहा मिनिटे उकळायची, उभी चिरायची, थोड्या साखर-पाण्याच्या पाकात लोणी घालून तो वरून लावायचा आणि भट्टीत ठेवायचे. योगायोग असा की त्याच १८९६ साली कृषिशास्त्रज्ञ जॉर्ज वॉशिंग्टन कार्व्हर टस्कीगीच्या शिक्षणसंस्थेत दाखल झाले. वीणा गवाणकरांच्या ‘एक होता कार्व्हर’ या १९८१ सालच्या पुस्तकामुळे मराठी वाचकाला ते घरच्यासारखे वाटतात. गुलामीत जन्मलेला हा माणूस, कापसाने निकस झालेल्या दक्षिणेच्या जमिनीवर भुईमूग आणि रताळी लावा म्हणून शेतकऱ्यांना सांगत राहिला, आणि लावलेले खाल कसे हेही सांगत राहिला. रताळी साठवावीत कशी आणि रांधावीत कशी यावर त्याने पुस्तिका लिहिल्या. गोऱ्यांच्या मेजवानीतला चकाकता पदार्थ आणि काळ्या शेतकऱ्याच्या चुलीतले, राखेत भाजलेले रताळे ही एकाच पिकाची दोन आयुष्ये होती. कार्व्हरच्या पुस्तिकांमध्ये ती दोन्ही शेजारी येतात. पुढे १९१७ साली मार्शमेलो विकणाऱ्या एका कंपनीने पाककृतींची पुस्तिका काढली आणि रताळ्यावर पांढऱ्या साखरफेसाची गादी पसरली. ती आजतागायत हललेली नाही. हा प्रकार मला पटत नाही. पाक पारदर्शक असतो म्हणून तो पाक; खालचा कंद दिसेनासा झाला तर ती सजावट उरत नाही, लपवालपवी होते. आपल्याकडेही हल्ली कापांवर काजू-बदामाचा चुरा, केशर आणि कंडेन्स्ड मिल्क येऊ लागले आहे, रोग तोच.

रताळ्याला खरे तर बाहेरच्या गोडाची फारशी गरज नसते. त्याच्या आत बीटा-अमायलेज नावाचे एन्झाइम भरपूर असते. साधारण ६५ अंशांना स्टार्चचे कण पाणी पिऊन फुगू लागले की हे एन्झाइम त्याचे तुकडे पाडून माल्टोज ही साखर बनवते. पंच्याहत्तर-ऐंशी अंशांच्या पुढे गेले की ते स्वतःच निकामी होते. म्हणजे गोड होण्यासाठी रताळ्याला मिळणारी संधी या मधल्या अरुंद पट्ट्यात आहे, आणि तिथे त्याला जितका वेळ रेंगाळू द्यावे तितके ते गोड होते. प्रेशर कुकर या पट्ट्यातून भरधाव निघून जातो. चुलीच्या राखेत पुरलेले रताळे तिथे तासभर मुक्काम करते. साल फुटून काळा चिकट रस बाहेर येतो, तो त्याने स्वतःच बनवलेला पाक. काप करतानाही म्हणूनच झाकण ठेवून मंद आच, घाई न करता. गूळ किती घालायचा हे त्यानंतर ठरवावे, चाखून. आच नीट दिली असेल तर निम्माच पुरतो. रताळी फ्रिजमध्ये मात्र ठेवू नयेत. दहा-बारा अंशांखाली ती आजारी पडतात, आत एक टणक गाठ राहते आणि मग कोणतीही आच तिला मऊ करू शकत नाही. गाजर थंडीत गोड होते, रताळे थंडीत बिघडते. उष्ण देशातली आणि थंड देशातली मुळे इथे वेगळी पडतात.

पुण्याच्या मार्केट यार्डात आषाढीच्या आधी करमाळ्याची रताळी येतात, लहान, लालचुटूक, गोड. बेळगावकडची मोठी असतात आणि गोडीला कमी. करमाळा सोलापूर जिल्ह्यातला, पंढरपूरही त्याच जिल्ह्यातले. वेलाचे तुकडे लावायची वेळ शेतकरी एकादशीवरून मागे मोजत ठरवतो, कारण भाव त्या दोन-चार दिवसांचाच. द्वादशीला पारण्याचा भात शिजतो आणि रताळ्याला कोणी विचारत नाही. उरलेले कापही त्या दिवशी चमकत नाहीत: गूळ हवेतला ओलावा ओढतो, आषाढात तर फारच, आणि रात्रीतून कवचाचा पुन्हा पातळ पाक होतो. अशा वेळी ते पाकासकट कुस्करायचे, मावेल तेवढी कणीक आणि चमचाभर तांदळाची पिठी घालून घट्ट मळायचे, आणि घारगे तळायचे. पाणी लागत नाही, कालचा पाक पुरतो. काल पाप म्हणून बाहेर ठेवलेले धान्य आज त्याच गुळात मुरते आणि घारगा टम्म फुगतो. पिठी विसरू नये, तिच्याशिवाय ते मऊ पडतात.